भुयार मॅडमची मान्यता

मी अठ्ठावीस वर्षं एकाच शाळेत लिपिक होतो. शाळा धामणखेडला, अमरावती-अकोला रस्त्यापासून सात किलोमीटर आत. दिवसातून तीन बस, त्यातली दुपारची बहुधा येतच नसे. शिक्षक पंधरा, शिपाई दोन, आणि कागद सांभाळायला मी एकटा. किती शिक्षक आले, किती निवृत्त झाले, ते सगळे मला आठवतही नाहीत. पण एका बाईची फाईल मी नऊ वर्षं हाताळली, ती मात्र डोळे मिटूनही पानापानाने सांगू शकतो.

त्या बाईचं नाव गीतांजली पुंजाराम भुयार. जुलै २०१४ मध्ये ती गणित-विज्ञानाची शिक्षण सेवक म्हणून रुजू झाली, तेव्हा पंचवीस वर्षांची होती. बीएस्सी, बीएड. सोबत वडील आले होते. पुंजारामजींचं नांदगाव पेठेच्या बाजूला तीन एकर वावर. वांगी, मेथी, आणि दसऱ्या-दिवाळीला झेंडू. पोरगी मास्तरीण झाली म्हणून त्यांनी स्टाफसाठी अर्धं पोतं वांगी आणली होती. ते पोतं माझ्या टेबलाखाली ठेवून त्यांनी विचारलं, "महादेवभाऊ, आता पक्की कवा होईन पोरगी?"

"मान्यता आली की झालं," मी म्हणालो. "दोन-तीन महिने लागतात."

मान्यता म्हणजे काय, ते इथे सांगायला हवं. आमच्यासारख्या अनुदानित शाळेत शिक्षक नेमते संस्था, पण त्याचा पगार देतं सरकार. म्हणून नेमणूक झाली की तिचा प्रस्ताव शिक्षण कार्यालयात जातो. जाहिरात, मुलाखतीचा अहवाल, आरक्षणाची बिंदुनामावली, नियुक्तीचा आदेश, रुजू झाल्याचा अहवाल, सगळं तपासून साहेब मान्यता देतात. ती आली की पगार सुरू होतो, सेवा मोजली जाते. ती आली नाही तर माणूस हजेरीपटावर असतो, वर्गात असतो, पण सरकारच्या लेखी कुठेच नसतो.

तिचा प्रस्ताव मी स्वतः बांधला होता. एकशे बारा पानं, चार प्रती. २१ ऑगस्टला मी तो घेऊन जिल्ह्याच्या गावी गेलो. कोणत्या जिल्ह्याच्या ते सांगत नाही. तेव्हाची माणसं आता तिथे नाहीत, आणि अशी कार्यालयं मला सगळीकडे सारखीच दिसली. मी पोचलो तेव्हा जेवणाची सुट्टी झाली होती. आवक-जावक बघणारा बाबू जागेवर नव्हता. अर्धा तास थांबलो, पाऊण तास थांबलो. मला परतीची बस गाठायची होती. शेवटी शिपाई म्हणाला, "ठेवून जा ना टेबलावर, येतीलच ते." मी गठ्ठा टेबलावर ठेवला आणि निघालो. आमच्या प्रतीवर आवकचा शिक्का, ज्याला आम्ही पोच म्हणतो, तो घेतला नाही. पुढच्या खेपेला घेऊ म्हटलं. पुढच्या खेपेला दुसरं काम होतं, ते डोक्यातून गेलं.

चौदा महिन्यांनी मुख्याध्यापक किसनराव गावंडे तिथे चौकशीला गेले, तेव्हा त्यांना सांगण्यात आलं की असा प्रस्ताव आलेलाच नाही.

सर परत आले ते थेट माझ्या टेबलाशी. "काळबांडे, पोच कुठं आहे?"

तिथेच मी खरं बोलायला हवं होतं. पण मी कपाट उघडलं, दोन-तीन फायली खालीवर केल्या आणि म्हणालो, "होती सर. पांढऱ्या मुंग्यांनी खालचा कप्पा खाल्ला ना मागं, त्यात गेली वाटते."

दाराशी गीतांजली मॅडम उभी होती. ती म्हणाली, "जाऊ द्या सर. दुसरा प्रस्ताव देऊ. या वेळेस मी स्वतः जाते भाऊंसंगं."

दुसरा प्रस्ताव दिला. त्यावर उत्तर आलं की नेमणूक एक वर्ष जुनी आणि प्रस्ताव आता, तर विलंबाचा खुलासा करा. खुलासा दिला. मग बिंदुनामावली नव्याने तपासून आणा म्हणाले. ती तपासून आणायला आठ महिने गेले. मग साहेबांची बदली झाली, आणि नव्या साहेबांनी फाईल पहिल्या पानापासून वाचायला घेतली. प्रत्येक वेळी मॅडम सोबत असायची. प्रत्येक कागदावर ती स्वतः पोच घ्यायची, शिक्का नीट उमटला की नाही ते उजेडात धरून बघायची, आणि मगच पर्समध्ये ठेवायची. तिला तसं करताना पाहिलं की मी दुसरीकडे बघत असे.

या सगळ्यात ती शिकवत होती, हे सांगायचं राहतंच. दहावीच्या गणितात आमची अर्धी पोरं गळायची. तिसऱ्या वर्षी फक्त चार गळाली. ती फळ्यावर एक गणित तीन तऱ्हांनी सोडवून दाखवायची आणि विचारायची, "यातली कोणती तुले सोपी वाटली, तेवढीच ध्यानात ठेव." पोरींना तिची भीती वाटत नसे. उन्हाळ्याच्या सुट्टीत मात्र ती नांदगाव पेठेच्या औद्योगिक वसाहतीत, कपड्यांच्या एका कारखान्यात, शर्ट तपासायला जायची. शिवण उसवलेली, बटण वाकडं, असं बघायचं आणि बाजूला काढायचं. तिथे तिने आपण मास्तरीण आहोत हे कोणाला सांगितलं नव्हतं. मला हे तिच्या वडिलांकडून कळलं.

२०१७ मध्ये तिचं लग्न झालं. नवरा रोहित अकोल्यात औषधाच्या दुकानात होता. भला माणूस. पण बघण्याच्या कार्यक्रमात त्याच्या काकांनी विचारलंच होतं, "मान्यता आली का?" आणि पुंजारामजींनी मान खाली घालून "येऊन राहिली" असं म्हटलं होतं. त्याच वर्षी मॅडमने माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला. मागणी एकच होती, ऑगस्ट २०१४ चं आवक रजिस्टर मला पाहू द्या. तीस दिवसांत उत्तर आलं नाही. तिने अपील केलं. अपिलात आदेश झाला की अर्जदाराला रजिस्टर दाखवावं.

मी तिच्यासोबत गेलो. जायचं नव्हतं, पण किसनराव सरांनी पाठवलं. रेकॉर्ड रूममध्ये एका लोखंडी टेबलावर त्यांनी ते जाड रजिस्टर ठेवलं. धुळीने मला शिंका येत होत्या. मॅडम एकेका ओळीवर बोट ठेवत वाचत होती. मला ठाऊक होतं की तिथे काही सापडणार नाही, आणि मग ती विचारेल, भाऊ, तुम्ही खरंच दिला होता का प्रस्ताव?

"भाऊ," ती एकदम म्हणाली. "हे पाहा."

२१ ऑगस्ट २०१४. आवक क्रमांक, आमच्या शाळेचं नाव, 'वैयक्तिक मान्यता प्रस्ताव, श्रीमती भुयार'. त्या बाबूने जेवून आल्यावर माझा गठ्ठा रीतसर नोंदवला होता. प्रस्ताव पोचला होता. पुढे कुठल्या कपाटात गेला, ते देवाला ठाऊक. तिने नकलेसाठी अर्ज दिला, सही-शिक्क्याची नक्कल हातात घेतली, आणि आम्ही बसस्टँडवर आलो.

बसमध्ये मला राहवलं नाही. मी सांगून टाकलं. पोच मुंग्यांनी खाल्ली नव्हती. मी ती घेतलीच नव्हती.

ती खिडकीबाहेर पाहत होती. कपाशीची वेचणी चालली होती. मग म्हणाली, "तुमी तवाच सांगतलं असतं तं मी दुसऱ्याच दिवशी ते रजिस्टर मागतलं असतं, भाऊ. दोन वर्षं गेली माही."

"चुकलं माझं."

"चुकलं ते समजून राहिली मी. पण तुमी रोज माझ्याशी बोलत होते ना. चहा पेत होते माझ्यासोबत." तिने डोळे मिटून डोकं सीटला टेकवलं. "आता नका बोलू काई. मले लय थकवा आला."

पुढचे दोन महिने ती माझ्याशी कामापुरतं बोलली. मग हळूहळू पूर्वीसारखं झालं, किंवा तिने तसं होऊ दिलं. रागावून राहायलाही अंगात जोर लागतो, आणि तिचा सगळा जोर दुसरीकडे खर्च होत होता.

नोंद सापडल्यावर कार्यालयाला प्रस्ताव नाकारायचा तर निदान कारण देणं भाग होतं. ते फेब्रुवारी २०१९ मध्ये दिलं. जिल्ह्यात इतर शाळांतले अतिरिक्त शिक्षक समायोजनाच्या प्रतीक्षेत असताना संस्थेने नवीन नेमणूक केली, सबब मान्यता नाकारण्यात येत आहे. दीड पानाचं पत्र. म्हणजे, पट घटून ज्यांची पदं गेली अशा शिक्षकांना आधी सामावून घ्यायला हवं होतं. मॅडमने ते स्टाफरूममध्ये उभ्या उभ्या वाचलं, घडी घातली, आणि तास झाला म्हणून नववीच्या वर्गावर गेली.

तोपर्यंत संस्थेचे लोक तिला कोर्टात जाऊ देत नव्हते. "साहेबांशी वाकडं नको, उद्या शाळेचं दुसरं काम अडेल," असं म्हणायचे. आता त्यांनाही काही सुचेना. रोहितच्या ओळखीतून नागपूरच्या एका वकिलांचं नाव मिळालं, ललित बोंडे. मे महिन्यात आम्ही तिघं गेलो, मॅडम, पुंजारामजी आणि फाईल घेऊन मी. नागपूरचं ऊन, आणि वकीलसाहेबांच्या ऑफिसातला कूलर पाण्याविना नुसता फिरत होता.

बोंडे वकिलांनी तासभर फाईल चाळली. मग त्यांनी पुंजारामजींकडे बघून विचारलं, "काका, इतकी वर्षं थांबलात कशासाठी?"

"साहेब देतील म्हणून," पुंजारामजी म्हणाले.

"अहो, पहिल्याच वर्षी आला असता तर नुसतं एवढंच मागायचं होतं, की कार्यालयानं हो म्हणावं की नाही म्हणावं, पण ठरलेल्या मुदतीत म्हणावं. गप्प बसण्याविरुद्धसुद्धा उच्च न्यायालयात जाता येतं." मग ते मॅडमकडे वळले. "असू द्या. आता त्यांनी नाही म्हटलंय, तर तो नकार रद्द करून मागू. रिट याचिका करू."

"आमच्याकडे कोणी म्हणे, शाळा न्यायाधिकरणात जा," मॅडमने विचारलं.

"तिथे कामावरून काढलेल्यानं जायचं असतं. तुम्हाला कोणी काढलेलं नाही. तुम्ही रोज सही करता, रोज शिकवता. तुमचं भांडण संस्थेशी नाही. आणि एक लक्षात ठेवा, मान्यता नाही म्हणून तुमची नेमणूक खोटी ठरत नाही. मान्यता आहे अनुदानापुरती. नेमणूक रीतीनं झाली होती का, हा खरा प्रश्न." त्यांनी फाईलवर बोट आपटलं. "जाहिरातीच्या आधी शाळेनं कार्यालयाकडे अतिरिक्त शिक्षक मागितला होता का?"

मी फाईल ओढून घेतली. पान सतरा. ९ जून २०१४ चं मुख्याध्यापकांचं पत्र, 'गणित-विज्ञान विषयाचा अतिरिक्त शिक्षक उपलब्ध असल्यास पाठवावा, अन्यथा पद भरण्यास परवानगी द्यावी.' ते पत्र मीच टाईप केलं होतं, मीच नेऊन दिलं होतं, आणि त्यावर निळ्या शाईची स्वच्छ पोच होती.

"उत्तर?"

"कधीच आलं नाही," मी म्हणालो.

वकील पहिल्यांदा हसले. "मग मॅडम, तुमची केस या एका पानावर उभी आहे."

मॅडमने माझ्याकडे पाहिलं. बाहेर आल्यावर तिने रसवंतीवर तीन उसाचे रस सांगितले आणि पहिला पेला माझ्यापुढे सरकवला.

याचिका दाखल झाली, नोटीस निघाली, आणि नंतर लॉकडाऊन लागलं. शाळा बंद, कोर्ट बंद, बस बंद. ती मोबाईलवर शिकवायची. दहावीच्या ज्या पोरांकडे मोबाईल नव्हता त्यांच्यासाठी गणितं वहीवर लिहून आमच्या शिपायाच्या हाती पाठवायची. कोर्ट सुरू झालं तरी आमचा नंबर लागायचा आणि सरकारी वकील वेळ मागून घ्यायचे. उत्तर दाखल करायला चार आठवडे. मग आणखी चार. ती सुरुवातीला प्रत्येक तारखेला नागपूरला जायची. सकाळच्या गाडीने जायचं, चाळीस सेकंदांत पुढची तारीख ऐकायची आणि संध्याकाळच्या गाडीने परत. नंतर वकिलांनीच सांगितलं, येत जाऊ नका, मी कळवतो. तेव्हापासून ती तारखेच्या दिवशी मोबाईल टेबलाच्या खणात ठेवून वर्गावर जायची. म्हणायची, "वर्गात वाजला तं पोराईसमोर तोंड कसं दिसन माझं, ते मले ठाऊक नाई."

शेवटची सुनावणी डिसेंबर २०२२ मध्ये झाली. त्या दिवशी मात्र आम्ही गेलो. पान सतरा न्यायमूर्तींच्या समोर होतं. त्यांनी सरकारी वकिलांना विचारलं, शाळेनं जूनमध्ये शिक्षक मागितला होता, तुम्ही पाठवला का? सरकारी वकिलांनी कागद उलटेपालटे केले. सूचना घेऊन सांगतो, म्हणाले. न्यायमूर्ती म्हणाले, साडेआठ वर्षं झाली, आता कसल्या सूचना? तुम्ही शिक्षक दिला नाही, उत्तर दिलं नाही, आणि ज्यांनी वर्ग रिकामा ठेवला नाही त्यांनाच दोष देता? नकाराचा आदेश रद्द झाला. समायोजनाचं कारण पुन्हा न देता, आठ आठवड्यांत प्रस्तावावर नव्याने निर्णय घ्यावा, असं ठरलं.

मला वाटलं, ती रडेल. पण कोर्टाच्या पायऱ्या उतरताना तिने एवढंच विचारलं, "आठ आठवडे म्हणजे कितवी तारीख होते, भाऊ?"

आठ आठवडे गेले. दहा गेले. मार्चमध्ये कार्यालयातून निरोप आला, मॅडमना पाठवा, मान्यता तयार आहे, फक्त एक हमीपत्र हवं.

आम्ही दोघं गेलो. तिथल्या एका बाबूने टाईप केलेला कागद पुढे केला. चांगला बोलला, पाणी विचारलं. "एवढी सही केली की आजच आदेश निघतो बघा. आजच्या तारखेपासून मान्यता. मागचं उकरत बसलं की मग वरून मार्गदर्शन मागवावं लागतं. त्यात वर्ष कुठं जातं कळत नाही."

मी खरं सांगतो, मला वाटलं तिने सही करावी. मी म्हणालोसुद्धा, "मॅडम, टाका सही. संपवा हे." पुंजारामजींनीही सकाळी फोनवर तेच सांगितलं होतं. म्हातारा थकला होता, ऐकू कमी यायला लागलं होतं. त्याला फक्त पोरगी पक्की झालेली बघायची होती.

तिनेही पेनचं टोपण काढलं. तिचा चेहरा इतका ओढलेला होता की त्या क्षणी तिने कोऱ्या कागदावरही सही केली असती. पण वाचल्याशिवाय सही न करायची तिला सवय लागली होती. ती वाचू लागली. मध्येच थांबली आणि एक ओळ मोठ्याने वाचली.

"'दिनांक १ जुलै २०१४ पासून आजपर्यंत सदर शाळेत केलेले काम मी स्वेच्छेने व विनामोबदला केलेले असून त्या कालावधीच्या सेवेवर माझा कोणताही हक्क राहणार नाही.'"

"नेहमीचा मजकूर आहे, मॅडम," बाबू म्हणाला.

"स्वेच्छेनं?" ती म्हणाली.

"तसंच लिहितात."

"मी काय देवळात झाडू माराले आली होती का? मले आदेश होता. माझ्यासारख्या दहा जणींची मुलाखत झाली, त्यातून मले घेतलं. मी रोज सही केली." तिचा आवाज चढला नव्हता, उलट खाली आला होता. "दादा, आजच्या तारखेपासून द्या म्हणता, तं मग या नऊ वर्षांत दहावीचं गणित कोणं शिकवलं? बोर्डाच्या पेपरवर कोणाच्या सह्या आहेत?"

बाबू माझ्याकडे बघू लागला.

"मी सही करायलेच आली होती," ती म्हणाली. "खरंच सांगते, मले आता भांडायचं नाई. हे एक वाक्य काढा, मी सही करते."

"ते नाही निघत."

तिने टोपण लावलं. कागदाची एक प्रत मागून घेतली, आणि आम्ही बाहेर पडलो. बस लागायला वेळ होता. ती बाकावर बसली आणि तिने पायातल्या चपला काढून पाय नुसते फरशीवर टेकवले.

"मूर्खपणा केला का मी, भाऊ?" तिने विचारलं.

मी म्हणालो, "मले नाई सांगता येत."

"मलेबी नाई."

ते हमीपत्र बोंडे वकिलांच्या मात्र फार कामी आलं. त्यांनी कोर्टाच्या अवमानाची याचिका केली आणि तो कागद तिला जोडला. आदेशाची मुदत उलटून गेली, आणि वर निर्णय देण्याऐवजी बाईकडून हक्क सोडून मागतात, असं मांडलं. जुलैमध्ये संबंधित अधिकाऱ्याने स्वतः हजर राहावं अशी नोटीस निघाली. हजर राहायच्या तारखेच्या सहा दिवस आधी, सप्टेंबर २०२३ मध्ये, आमच्या शाळेत शिपायाच्या हाती पत्र आलं. श्रीमती गीतांजली पुंजाराम भुयार यांच्या नियुक्तीस दिनांक १ जुलै २०१४ पासून मान्यता देण्यात येत आहे. पाऊण पान. खाली सही, बाजूला शिक्का.

मी ते घेऊन दहावीच्या वर्गाच्या दाराशी गेलो. ती फळ्यावर वर्तुळ काढत होती. मी कागद वर करून दाखवला. तिला समजलं. तिने हातानेच खूण केली, थांबा. वर्तुळ पूर्ण केलं, त्याला स्पर्शिका काढली, पोरांना उतरवून घ्यायला सांगितलं, आणि बाहेर आली. दोनदा वाचलं. तारखेवर बोट ठेवलं. "चौदाच आहे ना हे? तेवीस नाई ना?"

"चौदाच आहे."

"बरं," ती म्हणाली, आणि परत आत गेली.

मधल्या सुट्टीत तिने वडिलांना फोन लावला. पुंजारामजींना ऐकू जाईना. "मान्यता आली, बाबा!" ती तीन वेळा ओरडली. पलीकडून ते विचारत होते, "कोण आली?" स्टाफरूममधले सगळे हसले. तीही हसली, आणि मग फोन कानाला तसाच धरून टेबलावर डोकं ठेवून बसली. किसनराव सर निवृत्त होऊन दोन वर्षं झाली होती, त्यांना मी फोन केला.

त्याच आठवड्यात मी तिचं सेवापुस्तक उघडलं. ते मान्यतेशिवाय उघडता येत नाही. पहिल्या पानावर नाव, जन्मतारीख, उंची, ओळखीची खूण, डाव्या हाताच्या पाचही बोटांचे ठसे. फोटो लावायचा होता. तिने पर्समधून अर्जासोबतचा जुना फोटो काढला. मी म्हटलं, आत्ताचा लागतो. तिने तो परत ठेवला आणि मुर्तिजापूरला जाऊन नवा काढून आणला. त्यात कानाजवळचे पांढरे केस स्पष्ट दिसत होते. फोटोवाल्याने ते काळे करून देऊ का विचारलं, तर ही नको म्हणाली होती. थकबाकी आणि ऑनलाईन पगाराचा क्रमांक यांचं गाडं त्यानंतरही सहा महिने चाललं, ती वेगळी कटकट आहे. पण ते कागद मागताना आता तिला कोणी 'तुम्ही कोण' असं विचारत नव्हतं.

सेवापुस्तकावर सही करून झाल्यावर ती माझ्या टेबलाशीच उभी राहिली. "भाऊ, आता माझ्या खात्यात किरकोळ रजा आहे का?"

"आहे की."

शाळेच्या कामात धरलेल्या कार्यालय-कोर्टाच्या खेपा आणि बाळंतपण सोडलं, तर नऊ वर्षांत ती एकही दिवस घरी राहिली नव्हती, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं. मान्यता नसलेल्या माणसाला रजेचं खातंच नसतं. एक दिवस गैरहजर राहिले तर उद्या तेवढंच पकडून म्हणतील की ही कामावर नव्हतीच, अशी तिला धास्ती. मुलगी झाली तेव्हासुद्धा ती एकेचाळिसाव्या दिवशी हजेरीपटावर सही करायला आली होती. बाळाला घेऊन रोहित दिवसभर शाळेच्या ओट्यावर बसला होता.

मी तिला छापील अर्ज दिला. तिने उभ्यानेच भरला. एक दिवस, शुक्रवार. 'कारण' या रकान्यात तिने लिहिलं, 'थकले आहे.'

"मॅडम, असं नाही लिहीत," मी म्हणालो. "घरगुती काम लिहा. सगळे तेच लिहितात."

"घरी काई काम नाई, भाऊ. मी झोपणार आहे."

मी तो अर्ज तसाच नव्या मुख्याध्यापकांपुढे ठेवला. त्यांनी वाचला, चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं, आणि मंजूर लिहून सही केली.

शुक्रवारी दहावीचा गणिताचा तास मोकळा गेला.